अपक्ष महापौर होऊ इच्छिणाऱ्यास खुले पत्र

माननीय इच्छुक,


2027 मध्ये महापालिकेची मुदत संपली की आपण भोपाळच्या महापौरपदासाठी कोणत्याही पक्षाचे तिकीट न घेता उभे राहणार, अशी न्यू मार्केटात चर्चा आहे. ऐकून आनंद झाला. शहरात करमणुकीची साधने तशी कमीच.

आपण दाखला देता मॅडिसनचा. विस्कॉन्सिनची ही राजधानी भोपाळसारखीच तळ्यांकाठी वसलेली, आणि तिथे महापौराच्या मतपत्रिकेवर पक्षाचे नाव छापतच नाहीत. सत्या रोड्स-कॉनवे 2019 मध्ये विद्यमान महापौरांना हरवून आल्या, 2023 मध्ये पुन्हा आल्या; मतपत्रिकेला त्यांचा पक्ष दोन्ही वेळा ठाऊक नव्हता. मतदारांना ठाऊक नसेल असे मात्र समजू नका.

आमच्याकडे चिन्ह ही मतदाराची सोय आहे. उमेदवार कोण, नाल्याचे काय करणार, मालमत्ता कर वाढवणार का, असल्या चौकशा वाचतात. 2022 मध्ये भाजपच्या मालती राय आणि काँग्रेसच्या विभा पटेल यांच्यातली महापौरपदाची लढत बड्या तलावाच्या पाण्यावर झाली, असे कुणी म्हटले तर त्याला चहा पाजा.

बरे, निवडून आलातच असे धरू. मग आपली महापौर परिषद बनवायची, ती पार्षदांतूनच, म्हणजे नगरसेवकांतूनच. 2022 चे आकडे पाहा: 85 पार्षदांपैकी भाजपचे 58, काँग्रेसचे 22, अपक्ष पाच. आपण चिन्हमुक्त, पण अर्थसंकल्प मंजूर करणारे हात चिन्हांचे! वर आयुक्त राज्य सरकारचे, आणि फाईल त्यांच्याकडे. त्याच सरकारला महापौर थेट लोकांनी निवडावा की पार्षदांनी, यावरही मत बदलता येते: 2019 मध्ये कमलनाथ सरकारने पार्षदांचा मार्ग धरला, 2022 मध्ये शिवराजसिंहांच्या सरकारने थेट निवडणूक परत आणली. नियम बदलताना शहराला विचारायची प्रथा नाही.

आरक्षणाचेही बघा. गेल्या खेपेला जागा ओबीसी महिलांसाठी होती. या वेळी चिठ्ठी कुठली निघेल, देव जाणे; घरातून सौभाग्यवतींना तयार ठेवा. ‘पार्षदपती’ या पदाला आपल्या राज्यात तोटा नाहीच, ‘महापौरपती’ही शोभून दिसेल.

कटनीचे उदाहरण द्याल, तर ते खरे आहे. 2022 मध्ये तिथे प्रीती सूरी अपक्ष निवडून आल्या. त्याआधी तृतीयपंथी कमला जानही तिथेच अपक्ष जिंकल्या होत्या, पण महिलांसाठी राखीव जागेच्या मुद्द्यावर न्यायालयाने ती निवड रद्द केली. म्हणजे मतदार अपक्षाला घाबरत नाही, हे सिद्ध आहे. निवडून आल्यानंतरचे सगळे मात्र त्याच्या हातात नसते. नाही म्हणायला ‘खाली कुर्सी, भरी कुर्सी’ची, म्हणजे मतदानाने महापौराला परत बोलावण्याची, सोय आपल्या राज्याने केली आहे. पण आपल्याला परत बोलावण्याचा प्रस्तावही आधी पार्षदांकडूनच यायचा.

तेव्हा विनंती एवढीच, की एकट्याचा फॉर्म भरू नका. निदान वीस वॉर्डांत नाला, नळ आणि कचरागाडीची खडान्खडा माहिती असलेली वीस माणसे उभी करा. लोक त्यांना पक्ष म्हणतील, म्हणू द्या. तसे केलेत, तर आमच्या घरची सगळी मते आपली.

आपला,
तुळशीनगरातला एक मतदार