खुळ्यांच्या शहरात पायपीट करावी

मेक्सिको सिटीच्या जुन्या शहरात गाईडच्या मागे तीन तास पायी हिंडणे हा निव्वळ खुळेपणा आहे, असे सांगणारी शहाणी माणसे पुष्कळ भेटतात. त्यांचा मुद्दा बिनतोड आहे. हे शहर समुद्रसपाटीपासून २,२४० मीटर उंचीवर आहे, महाबळेश्वरच्या दीडपटीहून अधिक. नवख्या माणसाला एक जिना चढला तरी धाप लागते. दुपारचे ऊन टाळू तापवते आणि पावसाळ्यात सायंकाळी सर कोसळते. दुमजली बसमध्ये बसले की मोठ्या इमारती आपोआप समोरून सरकतात, फोनवर प्रत्येकीची माहिती फुकट मिळते. हे सगळे हाताशी असताना, छत्री उंच धरलेल्या एका अनोळखी माणसामागे तितक्याच अनोळखी घोळक्यात चालायचे, तो थांबेल तिथे थांबायचे, तो बोट दाखवील तिकडे मान वर करून बघायचे, ही कोणती रीत झाली?

माझे म्हणणे असे की हा खुळेपणा करावा आणि मनापासून करावा. ज्या शहराचा पायाच खुळेपणावर घातलेला आहे, ते उंटावरून शेळ्या हाकून कळत नाही.

पाया म्हणजे अक्षरशः पाया. मेशिका लोकांनी १३२५ च्या सुमारास तेनोच्तित्लान वसवले ते तेश्कोको सरोवरातल्या दलदलीच्या बेटावर. निवडुंगावर बसलेला गरुड दिसेल तिथे वस्ती करा, असा देवाचा कौल होता, ही त्यांची कथा. मेक्सिकोच्या झेंड्यावर तोच गरुड आहे. कथा बाजूला ठेवली तरी काठावरची चांगली जमीन इतरांनी आधीच बळकावलेली होती आणि या उपऱ्यांच्या वाट्याला चिखल आला, हे खरे. त्या चिखलात त्यांनी मेढी ठोकल्या, भराव घातले, पाण्यातून किनाऱ्यापर्यंत बांध-रस्ते नेले आणि दोनशे वर्षांत असे शहर उभे केले की ते पाहून स्पॅनिश शिपाई चक्रावले. मग १५२१ मध्ये त्यांचा सेनापती एर्नान कोर्तेस याने वेढा घालून ते जमीनदोस्त केले. नवी राजधानी काठावर कोरड्या जमिनीवर बांधावी असा सल्ला त्याला त्याच्याच माणसांनी दिला होता. त्याने ऐकले नाही. पाडलेल्या देवळांच्या दगडांनी, त्याच चिखलावर, त्याच चौकाभोवती नवे शहर उभे राहिले. १६२९ मध्ये महापूर आला आणि पाणी पाच वर्षे ओसरले नाही. शहर हलवा, असा विचार थेट राजाच्या दरबारातून आला. लोकांनी हिशेब मांडला की इतकी घरे, मठ नि चर्चे टाकून जायची कशी, आणि ते पाण्यात तसेच राहिले.

या पुराची खूण आजही आहे आणि ती पायी चालणाऱ्यालाच सापडते. मादेरो रस्ता २०१० पासून केवळ पादचाऱ्यांचा आहे. तो मोतोलिनिया रस्त्याला मिळतो त्या कोपऱ्यावर भिंतीत दगडी सिंहाचे तोंड बसवलेले आहे. पाणी कुठपर्यंत चढले होते ते दाखवण्यासाठी ते तिथे आहे. ते माणसाच्या डोक्याच्याही वर येते. खाली कपड्यांची, चष्म्यांची दुकाने, गिऱ्हाइकांना हाका मारणारी पोरे, खाकी गणवेशात हँडल फिरवून पेटी वाजवणारा माणूस. या गर्दीत तो सिंह कुणाच्या नजरेस पडत नाही. गाईड थांबतो, छत्रीचे टोक वर करतो, घोळका वर बघतो आणि आपण पाण्याखाली उभे आहोत हे प्रत्येकाला एकाच वेळी कळते. फोनवर हीच माहिती वाचली तर ती नुसती माहिती राहते.

पुढे सरोवर उपसून टाकले, तरी शहाणपण आलेच असे नाही. कोट्यवधी लोकांची तहान भागवायला जमिनीखालचे पाणी ओढले गेले, खालची चिकणमाती आकसली आणि वरचे शहर खचत गेले. तेही सगळीकडे सारखे नाही. गेल्या शतकात जुना भाग कित्येक मीटर खाली गेला. मादेरोवरच्याच सान फ्रान्सिस्को चर्चमध्ये जायला आज पायऱ्या उतराव्या लागतात. आपल्याकडे देवळाला जाताना पायऱ्या चढायची सवय, त्यामुळे हे उतरणे पायांना चटकन जाणवते. अलामेदा बागेसमोरची सांता व्हेराक्रूस आणि सान हुआन दे दिओस ही चर्चे तर उघड्या डोळ्यांना कललेली दिसतात. चांगला गाईड याचे व्याख्यान देत नाही, तो फक्त चालायला लावतो. फरसबंदी इथे उतरते, तिथे उसळते, दाराची चौकट तिरपी, खिडकीची रेघ तिसऱ्याच दिशेला.

महामंदिरात, म्हणजे सोकालो या मुख्य चौकातल्या कॅथेड्रलमध्ये, हा तिरपेपणा मोजून ठेवला आहे. बांधकाम १५७३ ला सुरू होऊन १८१३ ला संपले. आठ पिढ्यांनी चुना घोटला असेल, आणि पायाखालची जमीन त्या सगळ्यांच्या डोळ्यांदेखत हलत होती. घुमटाच्या मधोमध वरून एक लांब ओळंबा सोडलेला आहे, गवंड्याचा असतो तसाच. त्याच्या खाली फरशीवर इमारत कधी किती कलली याची नोंद आहे. तिथे निदान दहा मिनिटे उभे राहावे. विसाव्या शतकाच्या अखेरीस वेदीमागची बाजू आणि एक मनोरा यांच्या पातळीत जवळजवळ अडीच मीटरचा फरक पडला होता. १९९० च्या दशकात अभियंत्यांनी यावर जो उपाय केला, तो ऐकल्यावर कुणीही त्यांना वेड्यात काढले असते. जो भाग खचला त्याला उचलून धरायचे नाही. जो भाग अजून उंच आहे, त्याच्या खालची माती थोडी थोडी काढायची आणि त्यालाही सावकाश खाली बसू द्यायचे. चारशे वर्षांच्या चर्चखाली विहिरी खणून माती उपसली गेली. फरक कमी झाला, इमारत वाचली. पिसाच्या मनोऱ्यालाही नंतर याच पद्धतीने सावरले.

कॅथेड्रलच्या मागच्या अंगाला, चालत दोन मिनिटांवर, मेशिकांच्या मुख्य देवळाचे अवशेष आहेत. साडेचारशे वर्षे शहर त्यांच्या डोक्यावर नांदत होते. २१ फेब्रुवारी १९७८ ला वीज कंपनीचे कामगार ग्वातेमाला रस्त्याच्या कोपऱ्यावर खणत होते, तेव्हा त्यांची कुदळ कोरीव दगडाला लागली. सव्वातीन मीटर व्यासाची शिळा निघाली, तिच्यावर हातपाय तोडलेली चंद्रदेवता कोयोलशाउकी. कामगारांनी काम थांबवून कळवले. त्यांनी वरून माती लोटून तारा टाकून दिल्या असत्या, तर पुरातत्त्वज्ञ एदुआर्दो मातोस मोक्तेसुमा यांना उत्खनन करायला काही मिळाले नसते. त्या उत्खननासाठी शहराच्या ऐन मध्यातल्या इमारती पाडल्या गेल्या. राजधानीतली सर्वांत महाग जमीन रिकामी करून तिथे खड्डा करायचा, आणि खड्डाच ठेवायचा! हिशेबी माणसाला हे कधीच पटणार नाही. आज तिथल्या वाटेवरून चालताना एका देवळाच्या पोटात दुसरे, दुसऱ्याच्या पोटात तिसरे असे थर दिसतात, कारण दर खेपेला जुने देऊळ न पाडता त्यालाच वेढून नवे बांधले होते.

याच चौकातली दुसरी गोष्ट मला अधिक जवळची वाटते. १७९० मध्ये फरसबंदीच्या कामात कोआत्लिकुए या देवतेची प्रचंड मूर्ती सापडली: सापांचा घागरा, तोडलेल्या हातांची आणि काळजांची माळ. व्हाइसरॉयने ती मोडली नाही, विद्यापीठात नेऊन ठेवली. तेवढ्यात स्थानिक लोक गुपचूप येऊन तिच्यापुढे फुले ठेवू लागले, मेणबत्त्या लावू लागले. अडीचशे वर्षे जिचे नाव घ्यायला बंदी होती तिला ओळखणारे लोक अजून होते. प्राध्यापक घाबरले आणि त्यांनी देवीला पुन्हा पुरले. १८०३ मध्ये जर्मन संशोधक हुम्बोल्ट आला, त्याला बघायची होती, म्हणून पुन्हा उकरली. तो बघून गेला, परत पुरली. आता ती मानववंशशास्त्र संग्रहालयात सर्वांसमोर उभी आहे. पण जिथे ती सापडली तिथे उभे राहून ही हकिकत ऐकावी. फुले घेऊन येणारे ते लोक शहाण्यांच्या लेखी अडाणी होते. माझ्या लेखी त्या शहरात आठवण राखून असलेली माणसे तीच होती.

गाईड लोक दंतकथा सांगतात, अशी तक्रार असते. सांगतात, आणि सांगाव्यात. निळ्या-पांढऱ्या फरशांनी मढवलेल्या ‘कासा दे लोस आसुलेखोस’च्या बाजूला एक बोळ आहे. दोन उमराव आपापल्या बग्ग्यांतून समोरासमोर आले, मागे कोण सरणार यावर दोघे अडून बसले, आणि तीन दिवसांनी व्हाइसरॉयने दोघांनाही एकदमच मागे घ्यायला लावले, अशी कथा आहे. बोळाची रुंदी डोळ्यांनी बघितली की ती खरी की खोटी हा प्रश्न मागे पडतो आणि मानाच्या पायी माणूस कुठवर जातो ते दिसते. मात्र जो गाईड कथेला कथा म्हणतो आणि नोंदीला नोंद, त्याच्याच मागे जावे.

पिनो सुआरेस रस्त्यावर एका सरदाराच्या वाड्याच्या कोपऱ्याला सर्पाचे दगडी मस्तक चिणलेले आहे, जुन्या देवळाचे. आता तो वाडा शहराचे संग्रहालय आहे. मस्तकावरून हात फिरवणारे इतके की दगड गुळगुळीत झाला आहे. तिथून हाकेच्या अंतरावर कोर्तेसने काढलेले इस्पितळ आजही रुग्णांसाठी चालू आहे, आणि त्याला लागून असलेल्या चर्चच्या भिंतीत त्याची हाडे आहेत. नाव आणि दोन सालांची एक पाटी, बाकी काही नाही. बेयास आर्तेस नाट्यगृह, संगमरवराचे ओझे दलदलीवर ठेवून १९०४ ते १९३४ असे तीस वर्षे रखडलेले, आणि त्याच्यासमोरचा १९५६ चा लातिनोआमेरिकाना मनोरा, भूकंपांना पुरून उरलेला: हे दोन्ही लांबूनही दिसतात, त्यासाठी गाईडची गरज नाही.

सांतो दोमिंगो चौकात मात्र रेंगाळावे. तिथल्या कमानींखाली अर्जनवीस बसतात. ज्यांना लिहिता येत नव्हते त्यांची पत्रे, अर्ज, प्रेमपत्रेसुद्धा त्यांनी पिढ्यान्‌पिढ्या लिहून दिली. काहींपुढे अजून टाइपरायटर आहे. त्या चौकाच्या कोपऱ्यावर पूर्वी धर्मन्यायालय होते, माणसांना त्यांच्या शब्दांवरून शिक्षा देणारे. आणि शेजारीच शिक्षण मंत्रालयाची इमारत, जिथे दिएगो रिव्हेराने १९२३ ते १९२८ मध्ये भिंतीच्या भिंती रंगवल्या.

मराठी माणसाने ही इमारत चुकवू नये. ‘आमची भाकरी’ या चित्रात रिव्हेराने पांडुरंग खानखोजे यांना रंगवले आहे, भाकरी वाटून देणाऱ्या माणसाच्या रूपात. वर्ध्याचे खानखोजे ब्रिटिशांविरुद्ध लढायला घर सोडून निघाले, गदर चळवळीत गेले, देशोदेशी फिरले आणि मायदेशाची दारे बंद झाल्यावर मेक्सिकोत चापिंगोच्या कृषी विद्यालयात शिकवू लागले. मक्याच्या वाणांवर त्यांनी काम केले, गरीब शेतकऱ्यांसाठी मोफत शेतीशाळा काढल्या. कुणाच्या तरी नजरेने हा वेड्यासारखा भरकटलेला माणूस. पण मेक्सिकोच्या शिक्षण मंत्रालयाच्या भिंतीवर भाकरी वाटायला त्याच देशाच्या सर्वांत मोठ्या चित्रकाराला तोच सापडला. मराठी शाळांच्या पुस्तकांत त्यांना याहून मोठी जागा मिळायला हवी.

अमेरिकेतली आपली मंडळी मेक्सिकोला म्हणून जी जातात ती बहुतेक कॅनकूनच्या किनाऱ्यावर. त्यांना आणि इथून निघणाऱ्यांनाही माझी विनंती आहे: दोन दिवस या शहराला द्या आणि त्यातली पहिली सकाळ पायी हिंडायला ठेवा. सोमवार टाळा, त्या दिवशी मुख्य देवळाचे अवशेष आणि बहुतेक संग्रहालये बंद असतात. पाण्याची बाटली ठेवा, पहिल्या तासात भरभर चालू नका. गाईडला पर्यटन मंत्रालयाचे ओळखपत्र विचारा, आणि मग भरपूर प्रश्न विचारा. बऱ्याच फेऱ्यांना ठरलेले शुल्क नसते, शेवटी खुशीने जे द्याल त्यावर त्या माणसाचे घर चालते. त्या वेळी हात आखडता घेऊ नका.