रँकिनसाहेबांची गाणी

इंजिनिअरिंग कॉलेजात रँकिन हे नाव सहसा प्रेमानं घेतलं जात नाही. मेकॅनिकलवाल्यांना तो वाफेच्या ‘रँकिन सायकल’मध्ये गाठतो, सिव्हिलवाल्यांना रिटेनिंग वॉलमागच्या मातीच्या दाबात. केटी लागायची सोय दोन्हीकडे. हा गृहस्थ गाणी रचायचा आणि चारचौघांत स्वतः गायचाही, हे मात्र कुठल्याच व्हायव्हात विचारत नाहीत.

विल्यम जॉन मॅक्वॉर्न रँकिन १८२० मध्ये एडिंबरात जन्मला. १८४२ मध्ये राणी व्हिक्टोरिया स्कॉटलंडात आली, तेव्हा आर्थर्स सीट या टेकडीवर मोठा जाळ पेटवायचं काम त्याच्याकडे आलं. दुसरा कोणी लाकडं रचून काडी लावून मोकळा झाला असता. यानं सरपणाखाली चहूबाजूंना हवेच्या वाटा काढल्या. राणीच्या स्वागताला भट्टी!

१८५५ मध्ये तो ग्लासगो विद्यापीठात प्राध्यापक झाला. दिवसा वाफेच्या इंजिनावर ग्रंथ, आणि मैफलीत गाणी. कवी म्हणून तो थोर नव्हे, पण आपल्याच जमातीची फिरकी घ्यावी ती त्यानंच. त्याच्या एका कवितेतला गणिती प्रेमात पडतो आणि थेट प्रेयसीच्या चेहऱ्याची मापं घेतो. रूप, चालरीत आणि पैसाअडका यांना अक्षरं देऊन तो प्रेमाचं समीकरण मांडतो, काळाच्या हिशेबानं त्याचं इंटिग्रेशन करतो. मर्यादा घातल्या की उत्तर येतं, लग्न! सगळ्या स्टेप्स चोख, मार्क कापायला जागा नाही. बाई मात्र एका रुबाबदार घोडेस्वार सैनिकाबरोबर पळून जाते.

रँकिन स्वतः जन्मभर अविवाहित राहिला. कोणी काय अर्थ काढायचा तो काढावा.

१८७२ मध्ये, नाताळच्या आदल्या दिवशी, तो गेला. गाण्यांचं पुस्तक आलं १८७४ मध्ये, जेमायमा ब्लॅकबर्न यांच्या चित्रांसह.

त्याच्या आणखी एका गाण्यात एक कारागीर फ्रेंच मीटरला धुडकावून आपल्या तीन फुटी पट्टीची बाजू घेतो. ही नुसती थट्टा नव्हती. रँकिननं निरपेक्ष तापमानाची मोजपट्टीसुद्धा फॅरनहाइटच्या अंशांत बसवली. तिच्यावर पाणी ४९१.६७ अंशांना गोठतं. जगानं उचलली ती ग्लासगोतल्याच सहकाऱ्याची, लॉर्ड केल्विनची. पट्टीच्या खटल्यात मात्र आपले सुतार अजून रँकिनच्या बाजूनं उभे आहेत. भारतानं मेट्रिकचा कायदा १९५६ मध्येच केला. तरी दाराची उंची विचारा, ‘सात फूट’ हेच उत्तर येतं.