जावक क्रमांक ४१२/अ

सरकारी कचेरीतल्या जावक नोंदवहीत मधूनच एखादी ओळ कोरी दिसते. नवख्याला वाटतं, कारकुनाची नजरचूक. ती दूरदृष्टी असते. सकाळी जेसीबी येऊन गेला आणि नोटीस काढायचीच राहिली, हे दुपारी चहा पिताना लक्षात आलं, की ती ओळ उपयोगी पडते. मागची सोयीस्कर तारीख तिच्यावर चढते. ओळ सोडायला कुणी विसरलाच तर ४१२ आणि ४१३ च्या मध्ये ‘४१२/अ’ जन्माला येतो.

मग पंचनामा. मालवण किनाऱ्यावरची जाळी ठेवायची खोप असो की देवबागेतली चहा-भज्यांची टपरी, मजकूर ठरलेला: ‘सदर इसम जागेवर आढळून न आल्याने नोटीस दर्शनी भागावर डकविली.’ चुडतांच्या खोपीचा दर्शनी भाग कोणता, हे पंच जाणोत. चुडतावर खळ धरत नाही आणि खारा वारा कागद टिकू देत नाही. म्हणून एक जण कागद धरतो, दुसरा मोबाइलवर फोटो काढतो आणि कागद घडी होऊन पुन्हा फायलीत जातो. कागद सुखरूप, कायदाही सुखरूप.

“साहेबानू, त्या दिसा आमी सगळी हयच होतो. लाईट नाय म्हणान खळ्यात बसलेलो.”

“वहीत नोंद आहे ना, बाबा. वही कशाला खोटं बोलेल?”

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६. कलम ५०. सरकारी जमिनीवरचं, अगदी भरती-ओहोटीच्या पट्ट्यातलंही अतिक्रमण काढता येतं आणि काढण्याचा खर्च त्याच माणसाच्या माथी मारता येतो, एवढं कचेरीत सर्वांना मुखोद्गत. त्याच कलमातलं तिसरं पोटकलम म्हणतं की नोटिशीत तारीख नेमून द्या आणि ती वाजवी मुदतीनंतरची असू द्या. तिथे पोचेपर्यंत बहुधा जेवणाची सुट्टी होते.

शेवटी ही तारीख थेट सर्वोच्च न्यायालयाला सांभाळावी लागली. १३ नोव्हेंबर २०२४ च्या निकालात पाडकामाआधी किमान १५ दिवसांची नोटीस, रजिस्टर टपाल, समक्ष सुनावणी, अंतिम आदेशानंतर आणखी १५ दिवस आणि पाडकामाचं चित्रीकरण, असं सगळं सांगून झालं. तरी न्यायालयाचं समाधान होईना. मागची तारीख घातल्याचा आरोपच नको, म्हणून नोटीस बजावताक्षणी जिल्हाधिकारी कार्यालयाला ईमेल करायचा आणि तिथून आपोआप पोच यायला हवी, असाही आदेश दिला. आपोआप! शिपाई, कारकून, अव्वल कारकून, नायब तहसीलदार, तहसीलदार, प्रांत एवढी उतरंड असताना तारखेच्या बाबतीत साक्ष काढायची ती पगार न घेणाऱ्या, रजा न टाकणाऱ्या आणि कुणाचा फोन न घेणाऱ्या यंत्राची. खरं तर कचेरीत गणपतीशेजारी फोटो लावायचा तर या यंत्राचाच लावावा. त्याला ‘अ’ येत नाही, कोरी ओळ सोडता येत नाही आणि ‘वरून सांगितलंय’ हे वाक्य तर ऐकूच येत नाही.

निकालाला अपवादही आहे. रस्ता, गल्ली, पदपथ, रेल्वेमार्ग, नदी किंवा जलाशयालगतच्या सार्वजनिक जागेवरच्या अनधिकृत बांधकामाला या सूचना लागू नाहीत. देवबाग म्हणजे पश्चिमेला समुद्र, पूर्वेला कर्ली नदी आणि मध्ये वाळूची चिंचोळी पट्टी. तिथे पाण्याला न लागलेली सरकारी जागा शोधायला भिंग लागेल. अपवाद हाती आल्यावर नियम कोण वाचतो? वाजवी मुदतीचं ते पोटकलम मात्र भरतीच्या पाण्यात वाहून गेलेलं नाही.

सरकारी जमीन बापजाद्यांची आहे, असं तो टपरीवाला म्हणत नाही. त्याला फ्रीज, गॅसची शेगडी आणि जाळी उचलायला पंधरा दिवस हवेत आणि पावत्या दाखवायला समोर ऐकणारा एक माणूस हवा. १९८५ साली मुंबईच्या पदपथवासीयांच्या खटल्यात याच न्यायालयाने अतिक्रमण करणाऱ्याचंही ऐकून घ्यावं, असं म्हटलं होतं. पदपथावर राहण्याचा हक्क दिला नाही, पण भर पावसात कुणाला काढू नये म्हणून ३१ ऑक्टोबरपर्यंत मुदत दिली. चाळीस वर्षं झाली, आणि इथे अजून जूनच्या पावसात, मासेमारी बंद असताना, घरात दमडी नसताना माणसाने तहसीलच्या व्हरांड्यात उभं राहून विचारायचं की आपल्याला न मिळालेल्या नोटिशीच्या दिवशी आपण जागेवर असूनही ‘आढळून’ कसे आलो नाही!

२०२४ च्या त्याच निकालात आणखी एक कलम आहे: आदेश मोडून पाडलेलं पुन्हा उभारायचा खर्च संबंधित अधिकाऱ्याच्या स्वतःच्या खिशातून, नुकसानभरपाई वेगळी. खर्चवसुलीचं कलम ५० तोंडपाठ असणाऱ्यांनी हेही पाठ करावं, आणि केल्याची नोंद त्याच दिवसाच्या तारखेने घालावी.