कडेचे तुकडे

गोल ताटात थापायचं आणि चौकोनी कापायचं, ही वड्यांची रीत ज्या कुणा बाईने पहिल्यांदा घातली, तिला भूमितीचं वावडं असावं. किंवा मग भूमिती तिला फारच चांगली कळलेली असावी. कारण वर्तुळाचे कितीही चौकोन करा, कडेला काहीतरी उरतंच. कुठे तिरपा त्रिकोण, कुठे नखाएवढी चंद्रकोर, कुठे नुसतीच एक वाकडी पट्टी. डब्यात रचायला ती गैरसोयीची, पाहुण्यांपुढे ठेवायला कमीपणाची. म्हणून ती घरच्यांची. चव तीच, तूप तेच, वेलदोडा तोच. पण आकार बिघडला एवढ्या एकाच कारणावरून पदार्थाचा काही भाग बिनबोभाट आपल्या वाट्याला येतो, ही व्यवस्था इतकी शहाणपणाची आहे की ती नुसत्या योगायोगाने झाली असेल, यावर माझा विश्वास बसत नाही.

पट्टी आणि कंपास एवढंच वापरून वर्तुळाइतक्याच क्षेत्रफळाचा चौरस काढता येईल का, या प्रश्नाने प्राचीन ग्रीकांपासून कैक पिढ्यांची झोप उडवली होती. अखेर १८८२ साली लिंडेमान नावाच्या जर्मन गणितज्ञाने ते कधीच शक्य नाही असं सिद्ध करून टाकलं आणि जग त्या काळजीतून सुटलं. माझ्या आत्याच्या कानावर लिंडेमानचं नाव कधी गेलं नसणार. पण नारळाच्या वड्यांचं ताट समोर घेऊन ती पाटावर बसली की तिच्या चेहऱ्यावर त्या प्रश्नाचं सगळं गांभीर्य उतरायचं. ताटाला तुपाचा हात आधीच लावलेला. कढईच्या कडा सोडून मिश्रण मधोमध गोळा व्हायला लागलं की ती ते एका दमात ताटात ओतायची, वाटीच्या बुडाला तूप लावून थापायची, आणि मग वाट बघायची. लवकर सुरी लावली तर वडी चिकटते, उशीर झाला तर तिचा भुगा होतो. मधला तो नेमका क्षण ती बोटाच्या पेराने ओळखायची. पहिला छेद बरोबर मध्यावरून. त्याला समांतर दुसरा, तिसरा, मग आडवे. हे सगळं चालू असताना तिच्या जिभेचं टोक दातांत धरलेलं असायचं आणि आम्हा मुलांचे डोळे मात्र त्या सुबक चौकोनांकडे नसायचेच. ते ताटाच्या काठाकाठाने फिरत असायचे.

पुढे शाळेत क्षेत्रफळ शिकलो तेव्हा या काठाची किंमत आकड्यांत कळली. वर्तुळात मावणारा मोठ्यात मोठा चौरस काढला तर तो वर्तुळाची जेमतेम ६४ टक्के जागा व्यापतो. राहिलेली ३६ टक्के बाहेर. म्हणजे पाहुण्यांना फर्स्ट क्लास आणि घरचे काठावर पास. अर्थात हा हिशेब ताटभर एकच वडी पाडली तर. वड्या जितक्या लहान कराव्या तितके त्या चौकोनांचे कोपरे काठाच्या जवळ सरकतात आणि कडेचा ऐवज घटत जातो. त्यामुळेच आम्ही मुलं आत्याच्या पाठीशी उभं राहून ‘मोठ्या पाड ना गं, मोठ्या पाड’ असा धोशा लावायचो. पोरं हावरट आहेत, यांना मोठी वडी हवी आहे, असं तिला वाटायचं. खरं तर आम्हाला मोठ्या वडीशी काहीच कर्तव्य नव्हतं. तिच्यामुळे मोठ्या होणाऱ्या उरलेल्याशी होतं.

आता स्वयंपाकघरात ओव्हन आला आहे आणि त्याच्याबरोबर एक चौकोनी ट्रे. अमेरिकेतल्या भाचीने फोनवर टॉफी बारची कृती धाडली आहे. तळाला लोणी, मैदा आणि ब्राऊन शुगर यांचा भुसभुशीत थर, १८० अंशांवर कडा तांबूस होईपर्यंत भाजलेला. त्याच्यावर टॉफी, तिच्यावर चॉकलेट आणि सगळ्यात वर अक्रोड-बदामांचे तुकडे. कृतीच्या शेवटी लिहिलंय: आठ इंची ट्रेमध्ये दोन-दोन इंचांचे सोळा बार होतात. मी ते वाक्य पुन्हा पुन्हा वाचलं. आठ बाय आठचे बरोबर सोळा. म्हणजे कडेला काही नाही. एक त्रिकोण नाही, एक पट्टी नाही. प्रत्येक तुकडा शेजारच्यासारखाच, प्रत्येक जण पाहुण्यांपुढे जायला लायक. समतेचं तत्त्व इतक्या कडक रीतीने पाळलेलं बघून मन भरून यायला हवं होतं. ते थोडंसं रिकामंच झालं.

या वाटणीला इतिहासही साजेसाच आहे. शिकागोत १८९३ साली मोठं जागतिक प्रदर्शन भरलं होतं. तिथल्या पामर हाऊस हॉटेलच्या मालकाची पत्नी बर्था पामर हिने, प्रदर्शनाला येणाऱ्या स्त्रियांना डब्यातून नेता येईल आणि हातात धरून खाता येईल असं केकपेक्षा लहान काहीतरी करा, असं हॉटेलच्या भटारखान्याला सांगितलं, आणि अक्रोड घातलेली ब्राऊनी जन्माला आली, असं ते हॉटेल आजही सांगतं. त्याच प्रदर्शनाच्या निमित्ताने भरलेल्या सर्वधर्म परिषदेत स्वामी विवेकानंद बोलले. एकाच वर्षी, एकाच शहरात, एकीकडे विश्वबंधुत्व आणि दुसरीकडे सगळ्यांना सारखा तुकडा. दोन्ही गोष्टी मला मान्य आहेत. फक्त घरचे कुठे बसतात, एवढंच विचारायचं होतं.

टॉफी करायला घेतली आणि माझी भीड चेपली. कारण ती तर ओळखीचीच निघाली. जाड बुडाच्या पातेल्यात लोणी आणि साखर मंद आचेवर एकत्र ठेवली की पहिली काही मिनिटं ती एकमेकांशी अबोला धरल्यासारखी राहतात. लोणी वर तरंगतं, साखर तळाशी कुरकुरते. मग लोण्यातलं पाणी उकळू लागतं, फेस येतो आणि हळूहळू सगळं एकजीव होतं. रंग आधी सायीचा, मग गव्हाचा, मग जुन्या सतारीच्या लाकडाचा. कृतीत थर्मामीटर वापरा, पाक १५० अंशांवर गेला की उतरवा, असं म्हटलं आहे. थर्मामीटर घरात होता तो तापाचा. तो ४२ अंशांच्या पुढे जात नाही. तेव्हा आत्याची वाटी काढली. वाटीतल्या गार पाण्यात पाकाचा थेंब टाकायचा. मऊ गोळी झाली तर लाडवांना ठीक. कडक होऊन वाटीच्या कडेवर टण्ण वाजली तर चिक्कीला तयार. ती टण्ण वाजली, म्हणजे १५०च्या आसपास. लोणावळ्याच्या चिक्कीवाल्यांचा कानही हेच ऐकत असणार. तिथे गूळ आणि शेंगदाणे, इथे लोणी आणि अक्रोड, एवढाच काय तो फरक. आणि शेंगदाणा तरी मूळचा कुठे आपला आहे? तो दक्षिण अमेरिकेचा, काजू ब्राझीलचा, पोर्तुगिजांच्या गलबतांतून गोव्यात उतरलेला. आपल्या सणावारांच्या ताटात इतके परदेशी जीव कधीचे मांडी घालून बसले आहेत, की आणखी एक चॉकलेट आलं तर त्याला सरकून जागा द्यायला कुणी कां कू करणार नाही.

चॉकलेटचं काम तर फारच आळसावलेलं. गरम टॉफीवर त्याचे तुकडे पसरायचे आणि गप्प बसायचं. कोको बटर वितळतं सुमारे ३४ अंशांना, म्हणजे माणसाच्या जिभेच्या किंचित अलीकडे. या एका योगायोगावर जगातला एवढा मोठा धंदा उभा आहे. विदर्भात वैशाखात मात्र ते तोंडाची वाट न बघता कागदातच विरघळतं. पाच मिनिटांनी सुरीच्या पाठीने फिरवलं की टॉफीवर काळाभोर, चकचकीत थर पसरतो, आणि तो तसाच राहील असं आपल्याला वाटतं. दोन दिवसांनी त्याच्यावर राखाडी धुकं येतं. चॉकलेटमधली चरबी सहा निरनिराळ्या तऱ्हांनी गोठू शकते आणि त्यातली एकच तऱ्हा चमकते. बाकीच्या हळूहळू पृष्ठावर येऊन पांढुरक्या पडतात. घरातल्या वडीलधाऱ्यांना ही बुरशी वाटते. ती बुरशी नाही, चव जात नाही, हे समजावून सांगता येतं. पण मी फार जोर लावून समजावत नाही. पांढुरका पडलेला बार कुणाकडे पाठवता येत नाही, एवढं माझ्या ध्यानात आलेलं आहे.

ओव्हन नव्हता त्या दिवसांत भाजायचं म्हणजे बेकरीत जायचं. दिवाळीच्या आधी मैदा, तूप, साखर घेऊन घरोघरची माणसं बेकरीच्या मागच्या दाराशी रांग लावायची. तिथे पीठ मळून काळ्या पत्र्यांवर नानकटाया वळल्या जायच्या आणि लांब दांड्याच्या फळीवरून भट्टीत सरकायच्या. उष्ण, गोड वासाची एक भिंतच त्या गल्लीत उभी असायची. पत्रे बाहेर आले की नानकटाया गार करून पत्र्याच्या डब्यात भरायच्या आणि डबा मुलांच्या हातात. ‘हळू न्या रे, मोडतील,’ असं आत्या बजावायची. आम्ही हळूच न्यायचो; फक्त खडी टाकलेल्या रस्त्याने न्यायचो. घरी डबा उघडला की ती वरून एकदा बघायची, मोडक्या वेगळ्या काढायची आणि काही न बोलता आमच्यापुढे सरकवायची. खडीचा रस्ता तिला ठाऊक नव्हता, असं आता मला वाटत नाही.

तिने स्वतः अख्खी वडी घेतलेली मला आठवत नाही. ताटातले चौकोन डब्यात गेले, कडेचे तुकडे मुलांत वाटले गेले, की ती उलथन्याने कढईची खरवड काढायची आणि तेवढ्यावर तिचं गोड खाणं व्हायचं. तिच्या पंचाहत्तरीला सगळे जमले होते. सुनेने बशीत दोन रेखीव वड्या मांडून तिच्या हातात दिल्या. आपल्याच घरात आपल्याला पाहुण्याच्या खुर्चीत बसवल्यासारखी ती बशीकडे बघत राहिली. मग तिने एक वडी आधी मोडली, आणि नंतर खाल्ली.

तर चौकोनी ट्रेचं काय? तो मला वाटला तितका निष्ठुर नाही निघाला. इतकं आटवून साखर गार केली की तिच्यात पाणी जवळजवळ उरत नाही. तिला स्फटिक व्हायलाही सवड मिळत नाही आणि ती गोठते ती थेट काच होऊन. शास्त्राच्या भाषेत टॉफी म्हणजे खरोखरच एक काच, खाता येणारी. पावसाळ्यात हवेतली ओल पिऊन ती चिकट होते, पण कोरड्या हवेत तिला सुरी लावली की ती सुरीचं ऐकत नाही. दोन इंचांची रेघ आखून दाबावं, तर ती आपल्या मनाच्या दिशेने तडकते. सोळा बार कागदावर. ताटलीत प्रत्यक्षात येतात नऊ-दहा भले चौकोन आणि बाकी सगळा कोनाकोपऱ्यांचा, चॉकलेट एका बाजूला आणि अक्रोड भलत्याच बाजूला असलेला, कुठल्याच डब्यात न मावणारा खजिना. भले चौकोन शेजारी जातात. ‘बाहेरून आणल्यासारखे झालेत हो,’ असा निरोप येतो आणि तो ऐकताना आमची सगळ्यांची तोंडं भरलेली असतात.

भाचीला फोटो पाठवला तर तिचा लगेच फोन. ‘मावशी, अगं टॉफी कोमट असतानाच सुरीने खुणा करून ठेवायच्या. मग गार झाल्यावर बरोब्बर त्याच रेघेवर तुटते. एक तुकडा वाया जात नाही.’ पोर हुशार आहे, सांगते ते अगदी खरं आहे. मी तिला ‘बरं बाई’ म्हटलं, आणि सूचना कृतीच्या खाली लिहूनही घेतली. टॉफी कोमट झाली की घरातलं कुणी ना कुणी ती मोठ्याने वाचून दाखवतं. सुरी मात्र त्या वेळी कुणालाच सापडत नाही.