आबा, नातवाला पिचर व्हायचंय

पिट्सबर्ग, पेनसिल्व्हेनिया

तीर्थरूप आबा,

तुमच्या नातवानं फोनवर ‘मी बेसबॉलचा पिचर होणार’ असं जाहीर केल्यापासून तुम्ही घुश्शात आहात, असं आई म्हणाली. “नुसतं चेंडू फेकायचं कोण पैसं देतंय व्हय?” या तुमच्या प्रश्नाचं उत्तर फोनवर मावणारं नव्हतं, म्हणून हे पत्र. चष्मा लावून वाचा.

देतात, आबा. आमच्या गावच्या पायरेट्स संघानं 2023 साली पॉल स्कीन्स नावाच्या कॉलेजच्या पोराला नुसत्या सहीचे 92 लाख डॉलर मोजले. पोरगं वाया गेलं नाही. 2024 मध्ये सर्वोत्तम नवोदिताचा आणि 2025 मध्ये सर्वोत्तम पिचरचा साय यंग पुरस्कार त्यानं पटकावला. संघाचं मात्र विचारू नका. 1979 नंतर वर्ल्ड सिरीज जिंकलेली नाही, तरी अख्खं गाव त्याच टोप्या घालून फिरतं. ही निष्ठा तुम्हाला समजेल. आपल्या तालमीची फुटबॉल टीम कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवर हरली की तुम्हीही पंचाच्याच नावानं बोटं मोडता.

काम काय, तर मातीच्या 10 इंच उंचवट्यावर उभं राहायचं आणि 60 फूट 6 इंचांवर चेंडू टाकायचा, तोही टप्पा न पाडता. कोपर वाकवून फेकला तरी पंच हूं का चूं करत नाही. आपल्याकडं क्रिकेटमध्ये ज्याला ‘फेकी’ म्हणून मैदानाबाहेर काढतील, त्याला इथं बंगला मिळतो.

आता बसून वाचा. मोठा पिचर एका सामन्यात शंभरेक चेंडू टाकतो आणि मग चार-पाच दिवस टाकतच नाही. “शंभर जोर मारून पाच दिवस झोपायचं?” हे तुमचं वाक्य मला इथं ऐकू आलं. पोरांच्या लिटल लीगमध्ये तर तुमच्या दहा वर्षांच्या नातवाला दिवसाला 75 चेंडूंची मर्यादा आहे, आणि 65 च्या वर गेला की चार दिवस सक्तीची सुट्टी. मैदानाकडेला एक मावशी वही घेऊन प्रत्येक चेंडूची रेघ मारत बसतात. वाण्याची उधारीसुद्धा इतकी चोख लिहिली जात नाही.

एवढा जपणुकीचा थाट कशासाठी, तर कोपरासाठी. आतला सांधेबंध तुटला की धंदा बंद. 1974 साली टॉमी जॉन नावाच्या पिचरचा तुटला, तेव्हा डॉ. फ्रँक जोब यांनी त्याच्या उजव्या हातातली शीर काढून डाव्या कोपरात बसवली. त्यानंतर गड्यानं आणखी 164 सामने जिंकले. ती शस्त्रक्रिया आजही त्याच्याच नावानं ओळखतात.

“आपल्या मानसाचं काम न्हवं ते,” हा तुमचा दुसरा मुद्दा. तर ऐका. उत्तर प्रदेशात भदोहीकडचा रिंकू सिंग, ट्रकचालकाचा मुलगा, भालाफेक करायचा. बेसबॉल कशाशी खातात हेही ठाऊक नव्हतं. 2008 साली ‘मिलियन डॉलर आर्म’ नावाच्या टीव्हीवरच्या स्पर्धेत डाव्या हातानं ताशी 140 किलोमीटरनं चेंडू फेकून त्यानं एक लाख डॉलर जिंकले. त्याच वर्षी त्याला आणि त्याच्या जोडीच्या दिनेश पटेलला करारबद्ध केलं ते आमच्या याच पायरेट्सनी. दिनेश 2010 मध्ये घरी परतला, रिंकू चिकटून राहिला. 2012 मध्ये वेस्ट व्हर्जिनियाच्या ‘ए’ दर्जाच्या संघापर्यंत पोचला. त्याच्या वर हाय-ए, डबल-ए, ट्रिपल-ए आणि मग कुठं मेजर लीग. 2013 मध्ये त्याचंही कोपर गेलं. त्याच्यावर डिस्नेनं 2014 मध्ये सिनेमा काढला, पण मेजर लीगचा चेंडू काही त्याच्या हाती लागला नाही.

पुढचं वाचून तुम्ही मिशीला पीळ द्याल. 2018 मध्ये त्यानं डब्ल्यूडब्ल्यूईशी करार केला आणि पुढं ‘वीर महान’ या नावानं, कपाळावर भस्माचे पट्टे ओढून आखाड्यात उतरला. ती कुस्ती खासबागेच्या कुस्ती मैदानात कुणी निकाली धरणार नाही, हे मान्य. पण आपल्या तालमींनी लाल मातीतून उठून फुटबॉलच्या टीमा काढल्या आणि हा पठ्ठ्या चेंडू टाकून कुस्तीत शिरला. वाट तीच, दिशा उलटी.

तेव्हा माझा निकाल असा: पोरानं चेंडू टाकावा, पण शाळा सोडू नये. कोपराचा भरवसा नाही, आणि पायऱ्या फार आहेत. मे महिन्यात आम्ही येतोय. त्याला पहाटे तालमीत न्या, हव्या तेवढ्या बैठका काढून घ्या. चेंडू मात्र 75 च्या वर टाकायला लावू नका.

तुमची लेक

ता. क. आईला सांगा, तो डाव्या हातानं लिहितो म्हणून हातावर चापट्या मारू नकोस. इथं डावखुऱ्या पिचरला भाव जास्त आहे.