आइस्क्रीम सो गुड? शिव शिव शिव!

ऐकलंत ना? तिकडे कॅनडात, माँट्रियालला, एक बाई कॅमेऱ्यासमोर उभी राहून हातात नसलेलं आइस्क्रीम चाटते, ‘आइस्क्रीम सो गुड’ म्हणते आणि बघणारे तिला पैसे पाठवतात! हेच बघायचं बाकी राहिलं होतं. पिंकीडॉल हे तिचं कलेतलं नाव. (कला म्हणायचं की नाही ते मागाहून बघू; आधी मनसोक्त नावं ठेवून घेऊ.)

२०२३च्या जुलैत हिने जगाला पार खुळं केलं. व्हिडिओ गेममध्ये कोपऱ्यात उभे असलेले दुकानदार, पहारेकरी असतात ना, पन्नासदा भेटलात तरी तेच वाक्य बोलणारे? त्यांना म्हणतात एनपीसी. तर ही जितीजागती बाई तसं वागते. टिकटॉक लाइव्हवर कुणी पैसे मोजून आइस्क्रीमचं चित्र (त्याला म्हणायचं गिफ्ट) पाठवलं की चाटायचं, काउबॉय टोपी पाठवली की काउगर्ल व्हायचं. सगळ्यांनी एकदम पाठवलं की एक वाक्य तोंडात अर्धं असतानाच दुसरं सुरू! हे कमी पडलं म्हणून की काय, केस सरळ करायच्या मशीनमध्ये मक्याचा एकेक दाणा धरून लाही फोडणंही चालूच. एकेक दाणा! हौसेला काही मोल?

मोल आहे ना! एका लाइव्हमागे दोन-तीन हजार डॉलर, असं तिनेच सांगितलं. एक आइस्क्रीम जेमतेम एका सेंटचं. मग चाटली किती, करा हिशेब. जनाची नाही तर मनाची तरी... पण थांबा, लाज वाटायची कुणाला? चाटणारीला की पाठवणाऱ्यांना?

जपानची नातुएकोको हे सोंग आधीपासूनच वठवत होती. पिंकीडॉल गाजली मात्र, जो तो उठला नि पापण्या फडफडवायला लागला. टिंगल म्हणून नक्कल करायला बसलेल्यांनाही गिफ्ट येऊ लागल्यावर टिंगल कुठे संपली आणि धंदा कुठे सुरू झाला, कोण सांगणार?

जाणकार म्हणतील, यात नवीन ते काय? १९७४ साली नेपल्समध्ये मरीना अब्रामोविच नावाची कलावंत टेबलावर ७२ वस्तू मांडून सहा तास उभी राहिली होती: माझं हवं ते करा! गुलाब होता, मध होता, पिस्तुलही होतं. लोकांनी तिचे कपडे कापले, पिस्तूल रोखलं. वेळ संपून ती चालू लागताच तीच शूर मंडळी पळाली. त्या मानाने आजचे बघे फारच सोज्वळ, नाही का? जिवंत माणूस मुठीत आला, तर मागितलं काय? आइस्क्रीम!

आणि आपण? आपल्याकडे तर २०२०च्या जूनमध्येच टिकटॉकवर बंदी आली. मग आपल्याला ही वाक्यं तोंडपाठ कशी? रील ‘चुकून’ समोर आलं म्हणे. सोळा वेळा? गुबुगुबू वाजल्यावर मान हलवणाऱ्या नंदीबैलाला हसायचं आणि फोन टिंग वाजला की आपण काय करायचं?

बरं, ते सोडा. परवाच्या रिसेप्शनला कुल्फीच्या स्टॉलपाशी, सूनबाई बघत नाहीत अशी खात्री करून, पापण्या फडफडवत डोलत कोण होतं? व्हिडिओ आहे आमच्याकडे. टाकू का ग्रुपवर?