अंगठ्याला जात नसते

हल्ली आमच्या पालघर जिल्ह्यात सरकारी भिंत रंगवायची म्हटली की वारली आलाच. गेरूच्या रंगावर पांढरा, अंगाचे दोन त्रिकोण, मध्ये तारपा वाजवणारा आणि भोवती फेर. त्याला कुणी कागद मागत नाही. त्याच भिंतीखालच्या बाकावर मांडीवर प्लास्टिकची फाईल घेऊन जो वारली बसलेला असतो, त्याला मात्र आत बोलावून विचारतात, तुम्ही वारली कशावरून?

विचारायचा अधिकार कायद्यानेच दिलाय. जातीचे दाखले देण्याचा आणि तपासण्याचा महाराष्ट्राचा कायदा १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू आहे. त्याचं आठवं कलम सांगतं की जात सिद्ध करण्याची जबाबदारी दावा करणाऱ्याची. म्हणजे चोराची चोरी सरकारने सिद्ध करायची आणि आदिवासी असल्याचा गुन्हा ज्याचा त्याने. प्रांताने सही-शिक्क्यानिशी दिलेला दाखला हा नुसता दाखला. तो खरा असल्याचा दुसरा दाखला तपासणी समितीकडून आणायचा, त्याचं नाव वैधता प्रमाणपत्र. हे दुसरं प्रमाणपत्र खरं असल्याचं तिसरं अजून निघालेलं नाही, हे आपलं नशीब.

पुरावा कसला हवा? जितका जुना तितका चांगला. अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५० ही तारीख धरतात आणि त्यातही स्वातंत्र्याआधीचा कागद असला तर सोन्याहून पिवळं. आजोबांचा शाळेचा दाखला, जनरल रजिस्टरचा उतारा, गाव नमुना चौदामधली जन्ममृत्यूची नोंद, काहीही चालेल. आता आजोबा त्या काळी काय करत होते ते पाहू. ते लग्नगडी होते. लग्नाला शेठकडून पैसे घेतले आणि फेडीपोटी नवराबायको दोघं त्याच्या वाडीवर जन्मभर राबली. १९४५ च्या मे महिन्यात झरीच्या मेळाव्यात वारल्यांनी वेठ करणार नाही असं ठरवलं, तेव्हा कुठे ही गुलामी हलली. त्या लढ्याच्या नेत्या गोदावरी परुळेकरांनी ते सगळं लिहून ठेवलंय. पण आजोबांनी वेठ टाळून त्या वर्षी पहिलीत नाव घालायला हवं होतं, हे त्यांना कुणी सांगितलंच नाही. त्यांच्या नावाचा एकच कागद असायचा, शेठच्या चोपडीतलं कर्जाचं पान. त्यावर अंगठा असतो. अंगठ्याला जात नसते, सबब पुरावा अग्राह्य.

कागदावर समाधान झालं नाही की प्रकरण दक्षता पथकाकडे जातं. पथक घरी येतं, शाळेत जातं आणि आप्तभाव तपासतं, म्हणजे चालीरीती, देवदेवता जमातीशी जुळतात का ते पाहतं. समजा, तारापूर एमआयडीसीत हेल्परी करणाऱ्या बापाची, बोईसरच्या चाळीत वाढलेली पोर आहे.

“बाळ, तुमच्यात लग्न कोण लावतं?”

“ताईच्या लग्नाला डीजे होता, साहेब.”

उत्तर हवं होतं धवलेरी. पोरगी नापास. तिला सीईटीचा अभ्यास होता, जमातीचा नव्हता. याउलट ज्याच्या सात पिढ्यांत कुणी वारली नाही तो पालघाट देवी, हिरवा देव, कणसरी असं घडाघडा म्हणेल, कारण त्याने पाठ केलंय. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये सांगितलं आणि मार्च २०२३ मध्ये तीन न्यायमूर्तींनी पुन्हा सांगितलं की आप्तभाव ही काही लिटमस चाचणी नव्हे. लिटमसचं आम्हा तारापूरकरांना शिकवायला नको. इथल्या नाल्यात कागद बुडवला की लगेच रंग कळतो. माणसाला वेळ लागतो.

सगळ्यात जास्त वेळ लागतो कोळ्याला. सातपाटीहून होडी घेऊन जाणारा कोळी वेगळा, जव्हारच्या डोंगरातला महादेव कोळी वेगळा, मल्हार कोळी आणखी वेगळा. पण गुरुजी घाईत होते, त्यांनी रजिस्टरमध्ये लिहिलं ‘हिंदू कोळी’. पुढचं बापजन्मी कुणाला उलगडलं नाही. तारापूरला १९६९ पासून अणू फोडतात, गुरुजींचे ते दोन शब्द मात्र फुटत नाहीत. सगळ्या देशाला ही तपासणी लागली तीही महादेव कोळ्यांच्याच दाव्यावरून, १९९४ च्या माधुरी पाटील निकालाने. त्या निकालात आणखी एक गोष्ट आहे. चौकशी शक्यतो रोज सुनावणी घेऊन दोन महिन्यांच्या आत संपवा, असं न्यायालयाने म्हटलंय. निकालातलं हे एवढंच वाक्य पाठ करायला कुणाला वेळ मिळाला नाही.

तपासणी नको असं कोण म्हणतंय? चोर शिरलेतच. जुलै २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठणकावलं की खोट्या दाव्यावर मिळवलेली नोकरी टिकणार नाही. मग आपल्या सरकारने काय केलं? २१ डिसेंबर २०१९ ला शासन निर्णय काढला. ज्यांचे आदिवासी असल्याचे दावे टिकले नाहीत, त्यांना आदिवासींच्या जागांवरून उठवलं आणि अधिसंख्य पदांवर बसवलं. अशा जागांचा आकडा सांगतात साडेबारा हजार. अधिसंख्य म्हणजे सतरंजी कमी पडली म्हणून बाजूला घातलेली खुर्ची. दावा पडला त्याला खुर्ची मिळाली. खऱ्याच्या फाईलला पिवळी चिठ्ठी मिळाली, ‘त्रुटी पूर्तता करावी’.

तेव्हा मंडळी, पोर अकरावीत असेल तर बारावीच्या निकालाची वाट पाहू नका, आत्ताच अर्ज करा. गावाकडच्या घरात पत्र्याची पेटी असेल तर उघडा, चुलत्यांच्या घरचीही. १९५० च्या आधीचा चिटोरा सापडला तर तीन झेरॉक्स काढा आणि मूळ कागद कुणाच्याही हाती देऊ नका, साहेब कितीही गोड बोलले तरी.